आमच्या द्राक्षांचं जहाज पोहोचलं!

मंडळी, आज घरात सगळे खुशीत आहेत! आमच्या दिंडोरीच्या बागेतली द्राक्षं युरोपात पोहोचली.

तांबड्या समुद्रात जहाजांवर हल्ल्यांचा धोका, म्हणून जहाज अख्ख्या आफ्रिकेला वळसा घालून गेलं. इतक्या दिवसांत माल खराब झाला तर? या काळजीने सासूबाई रोज विचारायच्या, "पोरी, आपलं जहाज कुठवर गेलं?" मी मोबाइलवर नकाशा दाखवायचे. हिंदी महासागर, अटलांटिक, सगळं त्यांना पाठ झालं.

दुपारी निर्यातदाराचा फोन आला, "माल एकदम टवटवीत!" मी आनंदाने ओरडलेच. सासूबाईंनी मात्र विचारलं, "आन् जहाजावरची माणसं? ती बरी हायेत ना?"

मला हे सुचलंच नव्हतं. त्यांनी खलाशांच्या नावानं देवापुढे साखर ठेवली.

समुद्रापारहून तुमच्याकडे काय काय येतं? ते आणणारे कधी आठवलेत?