अक्का आणि अण्णासाहेबांची टाळी

अक्का गेल्याची बातमी मला सांगलीच्या मंडईत कळली, आणि सांगितली कुणी, तर अण्णासाहेबांनी! "आपल्या मुलींची आई गेली हो बाई," म्हणाले आणि डोळ्यांना रुमाल लावला. मला तिथंच रडू फुटलं, खोटं कशाला बोलू… पण त्या रुमालाचा संशय आला तो आलाच. महिना झाला, अजून जात नाही.

अक्का आमच्या कॉलेजच्या मुलींच्या वसतिगृहाच्या रेक्टर. मेढ्याकडच्या. डोक्यावरचा पदर कधी ढळला नाही. आम्ही चार प्राध्यापिका पुण्याची शिबिरं करून आलेल्या, स्त्रीमुक्तीवर तावातावानं बोलणाऱ्या. आम्हाला त्या जुनाट वाटायच्या, आणि आम्ही त्यांना बहुतेक पोरकट. तेव्हा सिनेमाच्या एका ओंगळ पोस्टरविरुद्ध आम्ही मोर्चा काढला, पोस्टरला डांबर फासलं. डांबर फुकट दिलं अण्णासाहेबांनी. ते बडे व्यापारी, वसतिगृह समितीचे अध्यक्ष, आणि बायकांनी उंबऱ्याच्या आत राहावं असं चारचौघांत सांगणारे. मी भाषणात "आमच्या लेकीबाळींची अब्रू" म्हणाले, तर पहिली टाळी त्यांची. मी खूश! परतताना अक्कांनी माझा दंड धरला.

"आवं बाई, त्यो का टाळ्या वाजवतोय, इचारलं का सवताला? तुमी बी त्याचंच बोलाय लागलाय."

"तुम्हाला सगळ्यांचाच संशय येतो," मी चिडून म्हटलं.

"व्हय, येतो. तुमचा बी येतो."

पुढच्याच बैठकीत अण्णासाहेबांनी माझंच वाक्य मला ऐकवलं, आणि लेकीबाळींच्या अब्रूसाठी दिवेलागणीनंतर मुलींचं बाहेर जाणं बंद केलं. म्हणजे संध्याकाळचा टायपिंगचा क्लासही बंद. जतची कमल माझ्या खोलीत येऊन हमसून हमसून रडली. वडिलांनी तिला बजावलं होतं, परीक्षा पास होऊन नोकरी धरलीस तर ठीक, नाहीतर यंदा लग्न. मुलगा बघूनही ठेवला होता. आम्ही निषेधाची सभा घ्यायची की नाही यावर वाद घालत बसलो, आणि अक्कांनी चपला घातल्या. कमलला आणि आणखी तिघींना घेऊन रोज त्या क्लासला जायला लागल्या, तेही अण्णासाहेबांच्या दुकानावरून. एकदा ते पायरीवर आले. "अक्का, हे काय चाललंय?"

"पोरींची अब्रू सांभाळतीया. माझ्या संगट हायती न्हवं?"

अण्णासाहेब वळून गल्ल्यावर जाऊन बसले. पुढं मी अक्कांना डिवचलं, "तुम्हीही तोच शब्द वापरलात की." तर म्हणाल्या, "त्याचा त्याला माघारी दिला. घरात न्हाई ठेवून घेतला." कमल पास झाली, आता जतला एका ऑफिसात टायपिस्ट आहे. अक्का नसत्या तर… जाऊ दे.

परवा समितीची बैठक झाली. वसतिगृहाला अक्कांचं नाव द्यायचं ठरलं. आणि त्याच दमात, आता मुलींसोबत जायला कुणी उरलं नाही म्हणून संध्याकाळी फाटक बंद ठेवायचंही ठरलं. टाळ्या झाल्या. माझ्या अंगाचा असा तिळपापड झाला म्हणून सांगू! काल संध्याकाळी मीच फाटकाशी जाऊन उभी राहिले आणि पाच मुलींना घेऊन निघाले. अण्णासाहेब दुकानाच्या दारात होते. "वा बाई! अक्कांचा वारसा चालवताय," म्हणून त्यांनी मला वाकून नमस्कार केला. का केला असेल?… मी मुलींना क्लासमध्ये सोडलं आणि क्लास सुटेपर्यंत बाहेरच्या बाकावरून हलले नाही.