तिसऱ्या हाकेचा गेम

बटणांच्या मोबाईलवर चालणारा तो भुताचा गेम आम्ही दोघांनी केला, तेव्हा कॉलेज नुकतंच संपलं होतं. बारामतीत भाड्याची खोली आणि एकच कॉम्प्युटर. कोड मी लिहायचो. चित्रं आणि आवाज मित्राचे. रात्री उसाला पाणी द्यायला गेलेल्या माणसाला सकाळपर्यंत जिवंत ठेवायचं, एवढाच खेळ. गावोगावच्या पोरांनी तो ब्लूटूथवरून एकमेकांना वाटला. नाव झालं, पोट काही भरलं नाही. मित्र लोणी देवकरला एमआयडीसीत कामाला लागला, मी कॉम्प्युटरला चिकटून राहिलो.

आता तोच गेम नव्या फोनसाठी आणि टीव्हीला जोडायच्या मशीनसाठी पुन्हा करायचं काम एका कंपनीनं मला दिलं. मी हौसेनं दोन खुर्च्या मांडल्या. दुसरीवर वाळलेले कपडे पडायला लागले. दिवसदिवस कुणाशी बोलणं नाही, चहावाल्याशी काय होईल तेवढंच. खरं सांगतो, मला गेमपेक्षा मित्र परत हवा होता.

मग निमित्त मिळालं. कंपनीच्या पोरांनी गेम खेळून पाहिला आणि सगळे सुरुवातीलाच मेले. उसातून हाक येते, ‘आरं ए!’ आणि हे दीडशहाणे लगेच ओ द्यायचं बटण दाबतात. भूत तिसरी हाक मारत नाही, म्हणून रात्री तिसऱ्या हाकेशिवाय ओ द्यायची नसते, हे आमच्याकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक. बाकीच्यांना ते ठाऊक नसेल, हे आम्हा दोघांच्या डोक्यातच आलं नव्हतं. कंपनी म्हणाली, पडद्यावर सूचना टाका. माझं टाळकंच फिरलं. सूचना दिल्यावर भीती उरली कुठं?

गाडी काढली आणि शिफ्ट सुटायच्या वेळेला त्याच्या गेटवर जाऊन उभा राहिलो. मित्र डबा हलवत बाहेर आला. पोट सुटलं होतं, चालणं तेच. मी सगळं सांगितलं. तो हसला.

“टाक की लेका सूचना. आता कोण कुणाला तीनदा हाका मारतंय? फोन उचलला न्हाय, तर माणूस परत लावत न्हाय.”

“पण आपला गेम हाय त्यो.”

“हाय की. तू हायस ना तितं, मग झालं.”

‘तू पण ये’ हे ओठावर आलं होतं. तेवढ्यात कामगारांची बस लागली, मागची माणसं ढकलायला लागली आणि तो चढला. खिडकीतून त्यानं हात केला, मीही केला.

घरी येऊन सूचना लिहिली. कंपनीची पोरं नीट खेळली, खूश झाली. गेमला आता आम्हा दोघांची गरज उरली नव्हती. मला मित्राची होती, आणि तेच त्याला सांगायचं राहिलं.