वीतभर बाहेर

"तुझ्या पोरीला हरायला शिकव. तुला येतंच की."

क्लबचे सेक्रेटरी साहेब बोलले. सकाळी सकाळी, टेनिसच्या कोर्टावर. बुटाची नाडी बांधता बांधता. आवाज चढवला नाही. वर म्हणाले, "तुम्हा लोकांना सवय असते."

मी पाण्याची नळी धरून उभा. एकाच जागी एवढं पाणी सांडलं की चिखल झाला.

लातूर नुकताच जिल्हा झाला होता. नवा जिल्हा म्हणजे नवे साहेब, आणि साहेब आले की क्लब आलाच. त्यात दुष्काळ. मातीचं कोर्ट वाळलं की चेंडू वेडावाकडा उडतो, म्हणून कोर्टाला रोज टँकर. भिजवायचं काम माझं. तिकडं बायको गल्लीतल्या रांगेत रिकामी घागर घेऊन उभी. ती एकदाच म्हणाली, "तुमचं कोर्ट लई नशिबाचं हाय."

मी मार्कर होतो. मार्कर म्हणजे क्लबचा पगारी खेळाडू. साहेबांना शिकवायचं, त्यांच्याशी खेळायचं, शेवटी हरायचं. हेही सोपं नाही बरं का. पाच-पाचपर्यंत ओढायचं, साहेबाला घाम फोडायचा, आणि नेमक्या वेळी चेंडू रेषेच्या वीतभर बाहेर टाकायचा. हातभर टाकला तर साहेबाला कळतं. मग कपाळावर हात मारून घ्यायचा. साहेब चहा पितात, आपण नेट गुंडाळतो.

त्याआधी मी खरा खेळाडू होतो. हैदराबादच्या एका क्लबात शिकलो, बक्षिसाच्या स्पर्धांत सहा वर्षं फिरलो. घरात मी फार मोठा चॅम्पियन. खरं सांगायचं तर बहुतेक वेळा पहिल्या फेरीतच गाडी परत. बायको दार उघडताना म्हणायची, "आलात व्हय इतक्यात? भाकरी टाकते." पण ते हरणं माझं होतं. जीव तोडून हरलो होतो.

माझी गौतमी तेव्हा चौदाची. साहेब यायच्या आत, पहाटे मी तिला खेळवायचो. नव्या जिल्ह्याचा पहिला संघ औरंगाबादला विभागीय स्पर्धेला जाणार होता. मुलींची जागा एकच. दावेदार दोघी, गौतमी आणि सेक्रेटरी साहेबांची मुलगी. रविवारी दोघींचा सामना. जिंकेल ती जाणार.

मी तिला सांगितलं. हे लिहिताना लाज वाटते, पण सांगितलं.

"रविवारी जरा सोड, बाई. नोकरीचा प्रश्न हाय."

"तुम्ही सोडता तसं?"

तिला माहीत होतं. मला वाटायचं, हे फक्त मला आणि चेंडूला माहीत आहे. बायकोचा भाकरी थापणारा हात थांबला. भिंतीवरच्या निळ्या कोटातल्या फोटोकडं मला बघवेना.

रविवारी गौतमीनं पाच-पाचपर्यंत ओढलं. मग चेंडू वीतभर बाहेर. कपाळावर हात मारून घेतला. हुबेहूब माझा हात. टाळ्या पडल्या. साहेब माझ्याकडं बघून म्हणाले, "छान शिकवलंस."

आणि पोरगी, कुणी न सांगता, नेट गुंडाळायला लागली.

मी कितीतरी पोरं शिकवली. इतकं पक्कं एकालाही उतरलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी साहेब खेळायला आले. पहिले तीन गेम मी घेतले. साहेब हसले, "काय खाऊन आलास आज?" चौथ्याला हसले नाहीत. सहा-शून्य. माझ्या उभ्या आयुष्यातला सगळ्यात मोठा विजय, तोही ढेरपोट्या माणसावर.

"उद्यापासून येऊ नकोस," साहेब म्हणाले.

"हाव," म्हणालो. नेट तसंच सोडून निघालो.

त्यानं काहीच बदललं नाही. संघ औरंगाबादला गेला, गौतमीशिवाय. आम्ही उदगीरकडच्या गावी परतलो. दिवसा नवरा-बायको रोजगार हमीवर खडी फोडायचो. पिकलंच नव्हतं, भावकीचं खळं रिकामं पडलेलं. मळणीचा मधला खांब उपटला, नेटच्या जागी दावं आडवं बांधलं. अर्धंच कोर्ट बसलं. सारवायला पाणी नाही, चेंडूगणिक धूळ.

पहिल्याच दिवशी पाच-पाच झाले. गौतमीनं मारलेला चेंडू वीतभर बाहेर पडला.

मी तिच्याकडं बघितलं. ती स्वतःच्या हाताकडं बघत होती.

"मुद्दाम न्हाई मारला, बाबा."

"मग?"

"ठाव न्हाई. हातच तसा गेला."

मलाही कळेना. आजतागायत कळलेलं नाही. साहेबानं नोकरी नेली, जागा नेली. हात मात्र मी बिघडवला होता. ते साहेबाच्या नावावर टाकता येत नाही.

चेंडू उचलून तिच्याकडं फेकला.

"परत मार."

त्या दिवसापासून, जिथं जिथं पोरं शिकवली तिथं, एकच कायदा. माझ्या समोर पोरगं हरलं तर हरू दे, जीव तोडून हरू दे. पण सोडलेला चेंडू मी मोजत नाही. तो परत मारायचा. हाताची खोड सुटेपर्यंत परत. समोर कुणाचीही पोर असो, कुणाचाही क्लब असो.

आणि नेट गुंडाळायचं हरणाऱ्यानं नाही. दोघांनी.