अर्जदाराचं समाधान होईपर्यंत

आमच्या काकांच्या शेताला रस्ता नव्हता. तिसगावच्या बाजारला कांदा न्यायचा तर शेजाऱ्याच्या बांधावरून, डोक्यावर पोतं घेऊन. काका हायकोर्टात गेले आणि जिंकले. तालुक्याच्या साहेबांनी आठ फूट रस्ता खुला करून द्यावा, असा हुकूम झाला. तो साहेबांच्या टेबलावर असा मुरला की लोणचं असतं तर तालुक्यानं बोटं चाटली असती. मग काकांनी अवमानाची याचिका ठोकली. कोर्टानं साहेबांना जातीनं हजर राहायला सांगितलं. नोटीस वाचता वाचताच साहेब इतके वाळले म्हणे, की पँट धरायला शिपाई ठेवावा लागला.

तारखेच्या आदल्या दिवशी मी न् काका नगरला वकिलाकडे निघालो. काकांचा मोबाईल असा बोंबलत होता की एसटीच्या ड्रायव्हरनं दोनदा ॲम्ब्युलन्स समजून गाडी कडेला घेतली.

"काका, घ्या की. साहेबांचा फोन हाय."

"वाजू दे. मी त्याच्या दारात बसायचो तवा यानं मान वर केल्ती का? बसू दे आता लायनीत!"

संध्याकाळी परतलो तर रस्ता झालेला. झालेला म्हणजे काय, विमान उतरलं असतं आणि वैमानिक म्हणाला असता, एवढा कशाला? शेजाऱ्याचं रान ओलांडून तो आमच्या रानात घुसला होता. काढणीला आलेला कांदा सगळा त्याच्याखाली. कडेचे दोन वाफे तेवढे उरले होते. तिथं काकू कमरेवर हात ठेवून उभी.

"आठ फूट तर जेवायच्या आधीच झाला," ती म्हणाली. "पर साहेबाचा हुकूम, अर्जदाराचं समाधान हुईपत्तर जेसीबी थांबवायचा न्हाई. आन् अर्जदार फोन घीना!"

"मग तू सांगायचं की, बास म्हनून."

"आडवी झाले जेसीबीला! तर डायवर म्हनतो, तुमी अर्जदार का? म्हनलं, बायको हाय. म्हनला, बायकोचं समाधान हुकमात न्हाई."

काकांनी रस्त्याकडे पाहिलं. "झालाय मात्र झ्याक."

"व्हय की! आता त्याच्यावरनं न्यायचं काय? तुमचं डोस्कं?"

दुसऱ्या दिवशी कोर्टात साहेब हात जोडून उभे. काकांच्या ओठांवर तक्रार आलेली मला दिसत होती. पण साहेबांनी मागं वळून हळूच विचारलं, "बाबा, कमी पडला असंल तर सांगा. मशीन अजून तिथंच उभं हाय."

काका पांढरेफटक पडले.

न्यायमूर्तींनी मराठीतच विचारलं, "रस्ता मिळाला? समाधान झालं?"

"झालं, साहेब! लई झालं!" काका असे ओरडले की वरचा पंखा उलटा फिरला. "आता एवढा एकच हुकूम द्या... ह्यास्नी म्हनावं, थांबा!"