चार वाक्यांचा बाप

कॅमेऱ्यासमोर उभे राहण्यापूर्वी ते खिशातून छोटा कंगवा काढीत, मिशीवरून दोनदा फिरवीत आणि मला विचारीत, "मास्तर, पाठ काय तोंड?"

या दृश्यात कॅमेऱ्याला आपली पाठ दिसणार की तोंड, एवढेच त्यांना जाणून घ्यायचे असे. मी बहुधा "पाठ" म्हणत असे. मग ते तोच कंगवा मानेवरच्या केसांवरून फिरवीत आणि म्हणत, "पाठ जाली तरी माझीच न्हय?"

तुम्ही त्यांना पाहिले आहे. मोरजीच्या किनाऱ्यावर नायक-नायिकेचे भांडण चालू असताना मागे जाळे नीट करणारा मनुष्य आठवून पाहा. पोलीस ठाण्यात फाइल घेऊन आत येणारा आणि साहेबांनी हात हलवला की बाहेर जाणारा आठवून पाहा. एका चित्रपटाची तर सुरुवातच त्यांच्यापासून होते; ते पांढऱ्या चादरीखाली निजलेले आहेत. दृश्य संपल्यावर चादर बाजूला सारून ते मला म्हणाले होते, "ह्यां बरां मास्तर. पाठ न्हय, तोंड न्हय. कंगवो लागलो नाय."

मी गोव्यात, डिचोलीच्या एका शाळेत मराठी शिकवतो. मुंबईहून शूटिंगसाठी येणाऱ्या मंडळींना स्थानिक माणसे मिळवून देण्याचे काम सुट्टीत माझ्याकडे येत असे. भाई (सगळे त्यांना भाईच म्हणत) इब्रामपूरचे. थोडी शेती होती आणि नोकरी खासगी बसवर कंडक्टरची. मागच्या दारात उभे राहून ते गावांची नावे अशी पुकारीत, की बस वळणापलीकडे असतानाच लोक पिशव्या उचलीत. शेवटचे अक्षर ते लांबवीत आणि किंचित वर नेऊन सोडून देत. पेडणे तालुक्यात त्यांचा चेहरा न ओळखणारे पुष्कळ होते. आवाज न ओळखणारे कोणी नव्हते. कॅमेऱ्याने नेमके याच्या उलट ठरवले होते. बारा-तेरा वर्षांत त्याने त्यांच्याकडून एक शब्दही मागितला नाही.

एकदा एका चित्रपटात कंडक्टर हवा होता. मी त्यांचे नाव सुचवले. दिग्दर्शकाने त्यांना नीट निरखून पाहिले आणि ते कंडक्टर वाटत नाहीत असा निर्वाळा दिला. मुंबईहून नट आला. चालत्या बसमध्ये दोन्ही हात मोकळे ठेवून कसे उभे राहावे, हे भाईंनी त्याला सकाळभर शिकवले आणि मग स्वतः प्रवासी म्हणून शेवटच्या बाकावर जाऊन बसले.

"कसो शिकलो?" मी विचारले.

"बरो शिकलो. पण वळणार पडतलो."

तो वळणावर पडला. दिग्दर्शकाला ते इतके आवडले, की चित्रपटात तसेच ठेवले आहे.

त्यानंतर आमोण्यात, नदीकाठच्या एका घरात, एका मराठी मालिकेचे चित्रीकरण सुरू झाले. सासरी छळ होणाऱ्या मुलीला परत न्यायला तिचा बाप येतो, असे दृश्य होते. मालिकेची दिग्दर्शिका तरुण होती. आधीच्या एका भागात तिने भाईंची पाठ पाहिली होती आणि तिला ती बापाची वाटली होती. निरोप घेऊन मी इब्रामपूरला गेलो. त्यांनी सवयीने कंगवा काढला.

"पाठ काय तोंड?"

"तोंड, भाई. आणि बोलूचां आसा."

कंगवा मिशीपाशी थांबला. "कितक्यां?"

"चार वाक्यां."

ती वाक्ये अशी होती: चल, पोरी. घर अजून तुझंच आहे. पायरीला शेवाळ आलंय. जपून चढ.

पुढचे आठ दिवस त्या बसच्या प्रवाशांना पेडणे आणि धारगळ यांच्या मध्ये पायरीला शेवाळ आल्याचे ऐकावे लागले. एका म्हातारीने तर "खंयच्या पायरीक?" म्हणून विचारले आणि उतरताना चप्पल हातात घेतली.

चित्रीकरणाच्या दिवशी त्यांनी चारही वाक्ये लिहिल्याप्रमाणे म्हटली. शब्द एकही बदलला नाही. मात्र प्रत्येक वाक्याचे शेवटचे अक्षर लांबले, किंचित वर गेले आणि तिथे सुटले. 'जपून' म्हटल्यावर ते क्षणभर थांबले, जणू पायरी मोजत होते, आणि मग 'चढ' म्हणाले. मुलीचे काम करणाऱ्या नटीने त्या दृश्यात रडायचे नव्हते. तिचा मेकअप पुन्हा करावा लागला.

वाहिनीच्या कचेरीतून मात्र निरोप आला, की या हेलाला प्रेक्षक हसतील. आवाज दुसऱ्याचा घाला. वेळ थोडा होता. मी जवळ होतो, वय जुळत होते आणि माझे उच्चार स्वच्छ होते.

भाईंना बोलवा, ते पुन्हा म्हणून पाहतील, एवढे मी सांगू शकलो असतो. ते ऐकले गेले असते की नाही, मला ठाऊक नाही. पण मी सांगितले नाही. मुलांच्या बोलण्यातला हाच हेल काढून टाकण्यात माझी नोकरीची सारी वर्षे गेली आहेत. वक्तृत्व स्पर्धांत मी त्यासाठी गुण कापले आहेत. आणि ज्याची कबुली द्यायला मला इतकी वर्षे लागली ते असे, की आपला आवाज टीव्हीवर जाणार म्हणून मी त्या दिवशी इस्त्रीचा सदरा घालून स्टुडिओत गेलो होतो. तिथे मला कोणी पाहणार नव्हते.

पडद्यावर त्यांचे ओठ पाहत मी ती चार वाक्ये म्हटली. ते जिथे थांबले होते, तिथे थांबलो. काम पहिल्या खेपेतच जुळले. त्यानंतर मालिकेचा तो भाग लागेपर्यंत मी भाईंना दोनदा भेटलो आणि दोन्ही वेळा काजूच्या पिकाविषयी बोललो.

तो भाग पाहायला त्यांनी मला आग्रहाने घरी बोलावले. संध्याकाळची वेळ होती. ओसरीवर टीव्ही आणून ठेवला होता, अंगणात खुर्च्या मांडल्या होत्या आणि निम्मे गाव जमले होते. वहिनींनी सगळ्यांना चहा दिला. "आतापर्यंत ह्यांची पाठच बघलंव," त्या मला म्हणाल्या. "आज बोलतले."

भाई पडद्यावर आले. टाळ्या पडल्या. त्यांनी तोंड उघडले आणि त्यातून मी बोललो.

मागून कोणीतरी म्हणाले, "ह्यो भाईचो आवाज न्हय." दुसऱ्याने त्यावर, "काय मरे भाई, डिचोलीक शिकवणी लावलंस काय?" म्हटले आणि हशा झाला.

भाईंनी माझ्याकडे पाहिले. फार वेळ नाही. मग गावाकडे वळून ते शांतपणे म्हणाले, "टीव्हीवाल्यांकडे मशीन आसता. आवाज धुवन घेता." लोकांना ते पटले. वहिनी मात्र हातातली कपबशी घेऊन तशाच उभ्या होत्या.

मला पोचवायला ते रस्त्यापर्यंत आले. मी काही बोलणार, तोच त्यांनी विचारले, "मास्तर, 'जपून' म्हटल्यार तुमी थांबलात. मी थंय थांबललंय म्हणान?"

"होय."

"मगे बरां."

त्यानंतर त्यांनी पुष्कळ कामे केली. मी बोलावले की येत. पण "पाठ काय तोंड?" हे पुन्हा कधी विचारले नाही. जागा दाखवली की ते आपणहून पाठ करून उभे राहत.

गेल्या वर्षी ते गेले. बाराव्या दिवशी मी इब्रामपूरला गेलो, तेव्हा वहिनींच्या भोवती नात्यातल्या बायका बसल्या होत्या आणि मोबाइलवर ते दृश्य चालू होते. भाईंचे समोरून घेतलेले, हलते-बोलते असे तेवढेच एक दृश्य आहे. आवाज बंद होता.

"आवाज लाव गो," एक जण म्हणाली.

"नको," वहिनी म्हणाल्या. "बंद केल्यार तेंचो आयकाक येता."

त्यांनी माझ्याकडे पाहिले नाही. सरकून बसायला जागा मात्र दिली. मी बसलो. पडद्यावर भाईंचे ओठ हलू लागले. चल, पोरी. घर अजून तुझंच आहे. बायका त्यांच्याकडे एकटक पाहत होत्या. 'जपून' झाल्यावर ते थांबले, आणि त्या थांबण्यात माझ्या ध्यानात आले की माझेही ओठ हलत आहेत. मी तोंड मिटले. शेवटचा शब्द ते एकटे म्हणाले.