इंदूताईंची पंगत

इंदूताई जेवण झाल्यावर ताटं तपासायच्या. दिवाळीला इंग्लंडमधल्या लेस्टरच्या त्यांच्या घरी हॉस्पिटलमधले निम्मे मराठी डॉक्टर जेवायला असत. त्यांत चांगले पिकल्या केसांचे कन्सल्टंट असत, पण हात धुवायला उठण्याआधी प्रत्येकजण मुकाट्याने ताट तिरकं करून धरायचा. "दाखव बघू," एवढंच त्या म्हणायच्या. कढीपत्त्याचं पान आणि चावलेली शेवग्याची शेंग, एवढ्यालाच माफी होती. तुमच्या बाबांनी लहानपणी एकदा बिटाची कोशिंबीर खिशात लपवली. ताट लख्ख होतं. इंदूताईंनी ताट पाहिलं, मग खिशातून झिरपणारा लाल डाग पाहिला आणि म्हणाल्या, "ताट पास. विजार नापास."

तुम्ही मुलं पुण्यात वाढलात, तुम्ही त्यांना कधी पाहिलं नाही. तुमच्या बाबांना विचारलंत तर ते बिटाची गोष्ट सांगतील आणि हसतील. पुढचं त्यांनाही नीट माहीत नाही, म्हणून मी, तुमची आजी, लिहून ठेवते आहे.

इंदूताई भूलतज्ज्ञ होत्या. ऑपरेशनच्या आधी पेशंटला तोंडाने काही द्यायचं नाही, हे बजावून सांगणं त्यांच्या कामातच होतं. "दिवसभर लोकांना उपाशी ठेवते गं," त्या म्हणायच्या, "संध्याकाळी चारजणांना जेवू घातलं की मग कुठे फिटंफाट होते." त्या वाढायला उभ्या राहिल्या की 'नको' या शब्दाला काही अर्थ उरत नसे. "पोटाला विचारून नाही म्हण, तोंडाला विचारून नको," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. मी या देशात नवी आले तेव्हा पहिला गरम वरणभात त्यांच्याकडेच जेवले. पुढे आमची घरं एकाच रस्त्यावर आली. त्या मला 'अगं मीना' म्हणत, मी त्यांना 'अहो इंदूताई'. तुमचे आजोबा गेले तेव्हा त्या रोज डबा घेऊन यायच्या आणि मी जेवेपर्यंत समोर बसून राहायच्या. रिकामा डबासुद्धा तपासून न्यायच्या.

काही वर्षांपूर्वी, हिवाळ्यात, त्यांना स्ट्रोक आला. हातपाय सावरले, बुद्धी तर पहिल्यासारखीच तल्लख. आवाज थोडा घोगरा झाला. पण गिळणं गेलं. घशाला गिळायचं कसं तेच आठवेना. पाण्याचा घोटसुद्धा पोटाऐवजी फुप्फुसात उतरायचा धोका. डॉक्टरांनी पोटात नळी बसवली, आणि त्या नळीतून बाटलीतलं पांढरं अन्न थेट आत जाऊ लागलं. पलंगाच्या डोक्याशी पाटी लागली, 'निल बाय माउथ', म्हणजे तोंडाने काही नाही. मी पहिल्यांदा भेटायला गेले तेव्हा त्यांनी बोटाने ती पाटी दाखवली. "वाच. आयुष्यभर ही पाटी दुसऱ्यांच्या डोक्याशी लावली. आता ऑपरेशन नाही, काही नाही, नुसतीच पाटी."

आपल्या माणसांत कोणी आजारी पडलं की काय करायचं, हे मला पक्कं माहीत होतं. मऊ भात, मुगाचं कढण, साजूक तूप वेगळ्या डबीत. त्यातलं काहीच आता चालणार नव्हतं. मी रिकाम्या हातांनी त्यांच्यासमोर बसायची. हातांचं काय करावं ते कळायचं नाही, म्हणून त्यांच्या चादरीचे कोपरे सरळ करत राहायची. ते सरळच असायचे.

त्या घरी आल्यावर काही महिन्यांनी गिळण्याच्या तक्रारी बघणारी थेरपिस्ट एक सवलत देऊन गेली. जिभेवर चव घ्या, तोंडात फिरवा, पण गिळू नका, सगळं थुंकून टाका. मला केवढा आनंद झाला! त्याच दिवशी चिंचगुळाची आमटी करून नेली. इंदूताईंनी वाटीचा वास घेतला, डोळे मिटले, आणि वाटी परत माझ्या हातात दिली.

"थुंकू? आमटी थुंकू?"

"अहो, औषध समजा."

"औषध गिळतात, मीना. हे अन्न आहे. पानात टाकलेलं मला चालत नाही, आणि तोंडातलं टाकू?"

मी बाकी कोणाशीही वाद घातला असता. त्यांच्याशी नाही घालता आला. आमटी घरी आणून मी एकटीने संपवली.

पुढच्या वसंतात एका सकाळी त्यांचा फोन आला. त्यांच्या दारात एक जाहिरातीचा कागद पडला होता. लेस्टरहून मिनीबस निघणार, मोजकी माणसं, कॉट्सवोल्ड्सच्या टेकड्यांवरची जुनी दगडी गावं बघायची आणि वाटेत तीन ठिकाणी वाइन चाखायची. "आपण जाऊ," त्या म्हणाल्या.

"अहो, तुम्ही जन्मात दारूचा थेंब घेतला नाहीत!"

"आताही घेणार नाहीये. तोंडात फिरवायची आणि टाकायची. तिथे ती रीतच आहे, मी चौकशी केली. सगळे थुंकतात. बादली ठेवतात मध्ये." मग म्हणाल्या, "एकटीने थुंकलं की आजारपण, गं. सगळ्यांनी थुंकलं की पंगत. मला एकदा चारजणांत बसायचंय. भरल्या तोंडाने."

त्यांची मुलगी शिल्पा मिल्टन कीन्सला असते. तिचा मला लगेच फोन. "मीनामावशी, तुम्ही तरी सेन्सिबल आहात ना? एक सिप चुकून खाली गेला तर सरळ लंग्जमध्ये. न्यूमोनिया. मग मी काय करू?" तिचं काहीच चुकत नव्हतं. मी म्हटलं, मी त्यांच्या शेजारून हलणार नाही. शिल्पा म्हणाली, "प्रॉमिस करा." मी केलं. काय करून बसले ते फोन ठेवल्यावर कळलं.

मी पिशवी भरली. टिश्यू, दोन छोटे टॉवेल, डॉक्टरांचं पत्र, नळीतून द्यायची दुपारची बाटली आणि पिचकारी, सगळं वेगवेगळ्या कप्प्यांत. बसमध्ये आम्ही सोडून पाचसहाजण होते. कॉलिन नावाचा गाइड स्वतःच गाडी चालवत होता. आमच्या पुढे बार्बरा नावाची एक ऐसपैस बाई होती, नवरा वारल्यानंतर पहिल्यांदाच एकटी कुठे निघालेली. इंदूताईंनी जरीच्या नारळी काठांची साडी नेसली होती आणि तिच्यावर गरम कोट.

द्राक्षांचा पहिला मळा उतारावर होता. लाकडी टेबलाभोवती सगळे बसले. कॉलिनने मधोमध स्टीलचं उंच भांडं ठेवलं. इंदूताई मला कोपराने ढोसत म्हणाल्या, "अगं, ही तर पिकदाणी! आमच्या आजोबांची पितळी होती." वाइन आली. सगळ्यांनी घोट घेतला, गाल फुगवून खुळखुळवला आणि एकामागोमाग एक पिकदाणीत टाकला. इंदूताईंची पाळी आली. माझे हात पिशवीवर घट्ट. त्यांनी घोट घेतला, मान थेरपिस्टने शिकवल्यासारखी पुढे झुकवली, डोळे मिटले. आणि मग नेमका, एक थेंबही न सांडता, थुंकल्या. त्यांच्या जिभेला कित्येक महिन्यांनी काहीतरी लागलं होतं.

"कैरी," त्या म्हणाल्या. "कोवळी, बाठ न धरलेली. मीठ पाहिजे हिला."

मी कॉलिनला इंग्रजीत सांगितलं. तो म्हणाला, "आय गेट गूजबेरी." म्हणजे त्याला रायआवळ्यासारखी आंबट चव लागली. इंदूताई म्हणाल्या, "त्याला सांग, रायआवळा वेगळा. जीभ माझी आहे." सगळे हसले. त्यांच्या चेहऱ्यावर दिवाळीतला रंग आला होता.

दुसरा मळा करून दुपारी स्टो-ऑन-द-वोल्डला थांबलो. टेकडीच्या माथ्यावरचं गाव, मधाच्या रंगाच्या दगडांची घरं, लोकरीच्या व्यापाराचा जुना चौक. बाकीच्यांनी बागेत पाव-चीज खाल्लं. इंदूताईंचं जेवण मी आडोशाला नळीतून दिलं. परत आल्यावर बार्बराने विचारलं, "नॉट ईटिंग, लव्ह?" इंदूताई म्हणाल्या, "आय हॅव फिनिश्ड." आणि लगेच, "शो मी युअर प्लेट." बार्बराच्या ताटलीत पावाचा कडेचा तुकडा उरला होता. तिने तो निमूटपणे खाल्ला.

तिसरं ठिकाण त्याच गावातलं वाइनचं एक तळघर. तोपर्यंत मंडळी सैलावली होती. मला वाटतं अशा सहलींत नेहमीच तसं होत असावं. सकाळी सगळे थुंकतात, दुपारी हळूहळू गिळू लागतात. मी त्यासाठी काहीच तजवीज केली नव्हती. शेवटची वाइन गोड होती. कॉलिनने पिकदाणी उचलून टेबलाच्या पार पलीकडच्या टोकाला ठेवली आणि म्हणाला, ही थुंकलीत तर मी रडेन. सगळे हसले, ग्लास वर केले आणि प्यायले.

इंदूताईंनी तोवर घोट तोंडात घेतला होता.

त्यांनी पिकदाणी शोधली. दिसली, पण लांब. बार्बरा म्हणाली, "गो ऑन, डार्लिंग, स्वॉलो इट!" आणि सगळे त्यांच्याकडे कौतुकाने बघू लागले. मी टिश्यू पुढे केले. त्यांनी मान हलवली. टॉवेल पुढे केला. नाही. ओठ घट्ट मिटलेले, डोळ्यांत पाणी. मला सगळं समजत होतं. त्या टेबलावर त्या एकट्याच पेशंट ठरणार होत्या, आणि ते त्यांना मरणाहून नको होतं. त्यांचा गळा एकदा हलला.

मी उठले. टेबलाच्या टोकापर्यंत गेले, पिकदाणी घेऊन आले, माझ्या ग्लासातला मोठा घोट तोंडात घेतला आणि सगळ्यांसमोर थुंकले. मी जन्मात चारचौघांत थुंकले नव्हते. अर्धं भांड्यात गेलं, अर्धं माझ्या क्रीम रंगाच्या कार्डिगनवर. मग पिकदाणी इंदूताईंपुढे धरली. त्या थुंकल्या.

आणि मग खोकला सुरू झाला. थांबेचना. कॉलिन पाणी घेऊन धावला, मी ओरडले, "नो वॉटर!" बस, तेवढंच मला करता आलं. त्यांच्या पाठीवर हात ठेवून मी उभी होते आणि हाताखाली पाठ हादरत होती. थेरपिस्टने सांगून ठेवलं होतं, खोकल्यानंतर आवाज ओला वाटला तर समजा काहीतरी आत गेलंय. मी म्हटलं, "इंदूताई, बोला. काहीतरी बोला."

त्यांनी श्वास घेतला. "केवढी गोड गं ती. काकवीसारखी." मग माझ्या कार्डिगनकडे पाहून, "आणि तुला धड थुंकतासुद्धा येत नाही."

आवाज ओला होता की कोरडा, मला कळलं नाही. अजूनही सांगता येत नाही. मी शिल्पाला घडलं ते सगळं सांगितलं. ती रागावली नाही. तेच जास्त लागलं.

त्या उन्हाळ्यात त्यांना काही झालं नाही. डिसेंबरात न्यूमोनिया झाला. मी डॉक्टरांना विचारलं, मे महिन्यातला तो घोट? तो तरुण डॉक्टर समजुतीने म्हणाला, इतक्या महिन्यांनी त्याचा काही संबंध नाही, अशा पेशंटला न्यूमोनिया व्हायला स्वतःची लाळसुद्धा पुरते. त्याने मला बरं वाटावं म्हणून सांगितलं असेल, किंवा ते खरंही असेल. इंदूताई त्याच आठवड्यात गेल्या.

जायच्या आधी एका दुपारी शिल्पाने मला बोलावून घेतलं. "आईला तुमची आमटी हवीये." मी नेली. नर्सने चमच्याला परवानगी दिली आणि पुठ्ठ्याचं एक करडं भांडं आणून ठेवलं. इंदूताईंना धड बसताही येत नव्हतं. त्यांनी भांड्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "तूही," त्या म्हणाल्या.

मी एक चमचा त्यांच्या तोंडात दिला, एक माझ्या. आम्ही दोघींनी तोंडात फिरवला. त्या थुंकल्या, मग मी थुंकले. या वेळी सांडलं नाही.

"मीठ कमी आहे," त्या म्हणाल्या. होतंच कमी. घाईत राहिलं होतं.

त्यांचे डोळे मिटायला लागले. मी वाटी झाकायला घेतली, तशी त्यांनी चादरीवरून बोट हलवलं. "दाखव बघू."

मी वाटी तिरकी करून धरली. आमटी जवळजवळ काठोकाठ होती. इंदूताईंनी बराच वेळ तिच्याकडे पाहिलं.

"पास," त्या म्हणाल्या.