एकोणिसाव्या धड्यावर अडलेली गिटार

गिटारच्या त्या कोर्सचे धडे क्रमानेच करायचे होते. व्हिडिओ पाहायचा, ऑडिओ लावून सराव करायचा, मग पुढचा. मी पंचेचाळिशीला टेकलेली, राहायला जव्हारला, मोखाड्याच्या एका कचेरीत लिपिक. कागद क्रमाने लावणं माझं रोजचं काम. इथं मात्र धीर नव्हता. फ्युजन, म्हणजे आपले राग आणि जॅझचे कॉर्ड एकत्र घेऊन आयत्या वेळी सुचेल ते वाजवणं, मला लगेच यायला हवं होतं. मधले चार धडे गाळून मी एकोणिसाव्यावर उडी मारली आणि तिथंच अडकले.

पाठीमागे ऑडिओत कॉर्ड, म्हणजे एकत्र छेडलेले सूर, बदलत राहणार, त्यावर पाठ न केलेलं तीन मिनिटं वाजवायचं. मी वाजवून रेकॉर्ड केलं, ऐकलं. तीन मिनिटांत श्वासाला जागा नव्हती. कॉर्ड बदलायच्या आधीच बोटं पुढं पळालेली. पुन्हा केलं, पुन्हा तेच. भाजी निवडतानाही बोटं चालूच. नवरा वैतागून म्हणाला, "निदान ताटावर तरी वाजवू नकोस."

त्यातच तारा अडकवायची लाकडी पट्टी उचकटली. आमच्या गल्लीतल्या सुतारचाचांकडे गिटार नेली. त्यांनी सरस भरून पट्टी घट्ट आवळली.

"तीन दिवस हात नाय लावायचा, बेटी."

"उद्या नाही जमणार?"

"उद्या लावशील, तर परवा परत घेऊन येशील."

उरला फक्त ऑडिओ. सकाळी मोखाड्याच्या जीपमध्ये कानात गाळलेला पंधरावा धडा लावला. एक ओळ गुणगुणा, तेवढाच वेळ गप्प राहा, मग तिला उत्तर द्या. जीप भरेपर्यंत हलणार नव्हती. मी हळूच गुणगुणले आणि थांबले. शेजारी साखरशेत गावची एक म्हातारी बाजाराला निघाली होती. तिनं माझ्याकडे मान वळवली.

"पुढं?"

"पुढचं सुचत नाही, आजी."

"मग थांब. गाडी तरी कुठं निघालीय?"

मला हसू आलं, पण थांबणं काही जमेना. पाय हलत होता. जरा वेळानं तिनंच कोपरानं ढोसलं, "सुचला का?" आणि खरंच सुचलं होतं. चारच सूर, पण पहिल्या ओळीला धरून आलेले. मी ते गुणगुणले. "हां," एवढंच म्हणून तिनं टोपली मांडीवर ओढली. जीप सुटली.

चौथ्या दिवशी चाचांच्या दुकानातच गिटार वाजवून पाहिली. एक ओळ वाजवून गप्प राहिले, तसा त्यांचा रंधा थांबला.

"पट्टी निघाली काय परत?"

"नाही चाचा, मीच थांबलेय."

गाळलेले धडे मी एकेक करून पुरे केले. त्याला दोन महिने लागले, चिडचिडही भरपूर झाली. मग एकोणिसावा रेकॉर्ड केला. पहिलं दीड मिनिट मोकळं, ऐकावंसं वाटणारं. त्यानंतर मी पुन्हा पळत सुटले होते. ते रेकॉर्डिंग मी पुसलं नाही. विसावा धडा मात्र अजून उघडलेला नाही, आणि रोज संध्याकाळी हात तिकडेच जातो.